कमी घेतलेल्या औषधाची नोंद

अमेरिकेतील रुग्णालयांच्या चार्टचे कोडिंग करणे हे माझे रोजचे काम आहे. रुग्ण घरी गेला की त्याचा संपूर्ण चार्ट आमच्या यादीत येतो, आणि डॉक्टरांनी लिहिलेल्या प्रत्येक निदानाला आयसीडी-१०-सीएम या वर्गीकरणातला कोड लावून आम्ही तो बिलिंगकडे पाठवतो. या कामातल्या एका लहानशा कोडसमूहाविषयी मला बरेच दिवस लिहायचे होते. डॉक्टरांनी लिहून दिलेले औषध रुग्णाने ठरल्यापेक्षा कमी घेतले, किंवा डॉक्टरांना न विचारता आपल्याच मनाने बंद केले, तर त्याची नोंद करणारे हे अंडरडोसिंगचे कोड. ते लावल्याने बिलाच्या रकमेत सहसा फरक पडत नाही, त्यामुळे कामाचा रेटा असला की सर्वांत आधी तेच सुटतात. माणूस पुन्हा आजारी का पडला याचे उत्तर मात्र अनेकदा त्यांच्यातच असते, आणि ते सुटले की त्या चार्टपुरते ते उत्तर आकडेवारीतून कायमचे नाहीसे होते.

एक चार्ट मला अजून आठवतो. (या लेखातील सर्व रुग्णांचे ओळख पटेल असे तपशील मी बदलले आहेत.) सत्तरी ओलांडलेले एक गृहस्थ पायांवर सूज आणि धाप घेऊन दाखल झाले होते. उच्च रक्तदाब जुना होता, हृदयाची पंप करण्याची शक्ती आधीपासूनच कमी होती, आणि शरीरातले जादा पाणी लघवीवाटे काढून टाकण्यासाठी फ्युरोसेमाइडची गोळी रोज दोनदा चालू होती. दाखल करून घेणाऱ्या डॉक्टरांनी इतिहासात चार ओळी जास्तीच्या लिहिल्या होत्या. या गृहस्थांची पत्नी दुसऱ्या एका रुग्णालयात होती, तिला भेटायला ते रोज लांबचा बसप्रवास करत होते, आणि गोळी घेतली की वाटेत वारंवार लघवीला जावे लागते म्हणून दोन आठवडे सकाळची गोळी ते घेतच नव्हते. या चार ओळींमुळे माझे काम अगदी सरळ झाले. आधी रक्तदाबाशी निगडित हृदयविकाराचा आय ११.०, मग जुन्या सिस्टोलिक हार्ट फेल्युअरने अचानक उचल खाल्ल्याचा आय ५०.२३, त्यानंतर टी ५०.१एक्स६ए आणि शेवटी झेड ९१.१२८. शेवटच्या दोन कोडांनी मिळून सांगितले की लूप डाययुरेटिक (लघवी वाढवणाऱ्या) वर्गातले औषध कमी घेतले गेले, ते रुग्णाने जाणूनबुजून कमी घेतले, आणि त्याचे कारण पैशाची अडचण हे नव्हते.

हे सांगण्याची सोय पूर्वी नव्हती. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ रोजी आयसीडी-१०-सीएम लागू झाले, तोपर्यंत आयसीडी-९-सीएम वापरात होते आणि त्यात अंडरडोसिंग ही संकल्पनाच नव्हती. औषधाच्या बाबतीत रुग्णाने काहीही केले किंवा केले नाही, तरी ते उपचारांचे पालन न केल्याच्या व्ही १५.८१ या एकाच कोडमध्ये जमा होत असे. गोळी विसरलेली आजी, गोळी परवडत नसलेला कामगार आणि गोळीची भीती बसलेली तरुणी, अशी तीन निरनिराळी माणसे त्या जुन्या नोंदींमध्ये एकसारखीच दिसतात.

नव्या रचनेत टी ३६ ते टी ५० या वर्गांमध्ये औषधांचे गट आहेत आणि प्रत्येक गटात, पाचव्या किंवा सहाव्या स्थानावरचा आकडा, त्या औषधाबाबत नेमके काय घडले ते सांगतो. एक म्हणजे अपघाताने झालेली विषबाधा, दोन म्हणजे स्वतःला इजा करण्याच्या हेतूने झालेली, तीन म्हणजे दुसऱ्या कोणी केलेली, चार म्हणजे हेतू ठरवता न आलेली, पाच म्हणजे औषध योग्य रीतीने घेऊनही झालेला दुष्परिणाम आणि सहा म्हणजे अंडरडोसिंग. औषधांच्या तक्त्यातही याच क्रमाने सहा स्तंभ आहेत, आणि शेवटच्या स्तंभापर्यंत नजर जाण्याआधीच हात पाचव्यावर थांबतो, असे नव्याने शिकणाऱ्यांच्या बाबतीत मी पुष्कळदा पाहिले आहे. टी ५०.१एक्स६ए मधला एक्स हा निव्वळ जागा भरण्यासाठी आहे. तो गाळला तर सहाचा आकडा पाचव्या स्थानी येतो आणि कोड अवैध ठरतो. शेवटचा ए म्हणजे या आजारावर सक्रिय उपचार चालू आहेत. ‘रुग्णाची पहिली भेट’ असा त्याचा अर्थ अनेक जण लावतात, पण ए, डी आणि एस ही अक्षरे भेटी मोजत नाहीत, तर उपचाराचा टप्पा सांगतात.

क्रमाचा नियम मला या सगळ्यात सर्वांत अर्थपूर्ण वाटतो. विषबाधा असेल तर विषबाधेचा कोड आधी येतो. दुष्परिणाम असेल तर जे लक्षण उमटले ते आधी आणि औषध त्यानंतर. अंडरडोसिंगचा कोड मात्र कधीही मुख्य निदान म्हणून पहिल्या जागी बसू शकत नाही. औषध कमी पडल्यामुळे जो आजार उसळला त्याचा कोड आधी द्यायचा, मग कोणते औषध कमी पडले ते, आणि त्यानंतर का कमी पडले ते, अशी ती साखळी आहे. म्हणजे वर्गीकरणाच्या दृष्टीनेही कमी औषध घेणे हा स्वतंत्र आजार नसून आजारामागची हकीकत आहे. त्याचबरोबर अधिकृत मार्गदर्शक सूचना असेही सांगतात की अंडरडोसिंगचा कोड देण्यासाठी रुग्णाची प्रकृती बिघडलेलीच असली पाहिजे असे नाही. औषध कमी घेतले जात आहे किंवा बंद केले आहे, एवढी नोंद पुरेशी आहे. ही गोष्ट ठाऊक नसल्यामुळे रक्तदाब ठीक होता या सबबीवर कोड गाळलेले चार्ट मी तपासणीत पाहिले आहेत.

आता ‘का’ या भागाकडे येते, कारण माझ्या मते खरी जबाबदारी तिथेच सुरू होते. रुग्णाने पैशाच्या अडचणीमुळे जाणूनबुजून औषध कमी घेतले असेल तर झेड ९१.१२०, जाणूनबुजून पण अन्य कारणाने घेतले असेल तर झेड ९१.१२८. वार्धक्यातील दुर्बलतेमुळे नकळत कमी घेतले गेले असेल तर झेड ९१.१३०, आणि नकळत पण अन्य कारणाने असेल तर झेड ९१.१३८. पालन न होण्याच्या इतर प्रकारांसाठी आणि कारणाचा काहीच उलगडा नसलेल्या अंडरडोसिंगसाठी झेड ९१.१४ होता, त्याचेही ऑक्टोबर २०२३ पासून पैशाची अडचण आणि अन्य कारण (झेड ९१.१४८) असे दोन भाग झाले आहेत. ‘अन्य कारण’ या शब्दांबद्दल माझी तक्रार आहे. बसमधल्या त्या गृहस्थांची अडचण, इन्सुलिनने वजन वाढेल या धास्तीने डोस कमी करणारी मुलगी आणि बरे वाटू लागले म्हणून थायरॉइडची गोळी सोडणारा माणूस हे तिघेही झेड ९१.१२८ मध्येच जातात, आणि यापैकी प्रत्येकाला मदत करण्याचा मार्ग वेगळा असताना कोड तो वेगळेपणा पुसून टाकतो. तरीही एवढे तरी विभाजन हाती आहे, आणि जे हाती आहे ते नीट वापरले पाहिजे, असे मला मनापासून वाटते.

ते नीट वापरले न जाण्याचे मोठे कारण म्हणजे ‘नॉनकम्प्लायंट’, म्हणजे उपचारांचे पालन न करणारा, हा शब्द. डिस्चार्ज समरीत, म्हणजे रुग्णाला घरी सोडतानाच्या सारांशात, हा एक शब्द टाकला की लिहिणाऱ्याचे काम होते, पण कोडिंगच्या दृष्टीने त्यातून जवळजवळ काहीच कळत नाही. औषध अजिबात घेतले नाही, अर्धे घेतले, भलत्या वेळी घेतले, की औषध ठीक घेतले पण पथ्य पाळले नाही, हे त्यातून समजत नाही, आणि कारण तर मुळीच नाही. शिवाय तो शब्द एका चार्टमधून दुसऱ्या चार्टमध्ये नकलून येतो. एक रुग्ण पाच वर्षांत सात वेळा दाखल झाला, त्या सातही चार्टमध्ये तोच शब्द त्याच वाक्यासकट मी वाचला आहे, आणि सातपैकी एकाही ठिकाणी त्या माणसाला कोणी कारण विचारल्याची खूण नव्हती. सुरुवातीच्या काळात मीही असा शब्द दिसला की झेड ९१.१४ लावून पुढे जात असे. त्या कोडात तेव्हा तांत्रिक चूक नसे, तपासणीतही तो कापला जात नसे, आणि म्हणूनच ही सवय इतकी घट्ट बसली.

याची दुसरी बाजूही तितकीच महत्त्वाची आहे, ती म्हणजे नसलेले अंडरडोसिंग रुग्णाच्या माथी मारणे. अपस्माराचे एक रुग्ण झटका आल्यामुळे आपत्कालीन विभागात आले होते. झटके रोखणारे फेनिटॉइन चालू होते, त्याची रक्तातली पातळी अपेक्षेपेक्षा बरीच खाली आली होती, आणि डॉक्टरांनी ‘पातळी उपचारात्मक मर्यादेखाली’ एवढेच लिहून औषधाचा जादा डोस दिला होता. फेनिटॉइनच्या अंडरडोसिंगचा टी ४२.०एक्स६ए लावण्याचा मोह इथे फार होतो, कारण पातळी कमी आहे म्हणजे गोळ्या चुकल्या असणार, असा तर्क डोक्यात आपोआप तयार होतो. पण प्रयोगशाळेचा आकडा म्हणजे निदान नव्हे, आणि कोडरने तर्काने निदान करायचे नसते. मी डॉक्टरांना प्रश्न पाठवला. उत्तर आले ते असे की रुग्णाला काही आठवड्यांपूर्वी पोटात नळी बसवली असून अन्न आणि औषध दोन्ही त्याच नळीतून दिले जाते, घरातली माणसे प्रत्येक डोस वहीत लिहून ठेवतात, आणि नळीतून दिल्या जाणाऱ्या पोषणद्रवामुळे फेनिटॉइन नीट शोषले जात नाही. डोस एकही चुकला नव्हता. डोस आणि पोषणद्रव यांच्या वेळांमध्ये अंतर ठेवण्याची गरज होती, आणि ते अंतर ठेवायला त्या कुटुंबाला कोणी सांगितलेले नव्हते. मी न विचारता तो कोड लावला असता, तर वहीत डोस टिपणाऱ्या त्या घराच्या नावावर निष्काळजीपणाची नोंद झाली असती.

रक्त पातळ करणाऱ्या वॉरफरिनच्या बाबतीतही हेच लागू आहे. आयएनआर (रक्त गोठायला लागणारा वेळ दाखवणारा आकडा) कमी आला तर चाचणीतल्या बिघाडाचा आर ७९.१ देता येतो, पण त्यावरून अंडरडोसिंगच्या टी ४५.५१६ए पर्यंत उडी मारता येत नाही. शस्त्रक्रियेआधी सर्जननेच ते चार-पाच दिवस बंद ठेवायला सांगितले असेल, तर ते मुळात अंडरडोसिंगच नव्हे, कारण व्याख्येतच ‘डॉक्टरांच्या सांगण्यावरून नव्हे’ ही अट आहे.

वयाचेही असेच आहे. रुग्ण ८४ वर्षांच्या आहेत आणि गोळी विसरल्या, एवढ्या दोन गोष्टी शेजारी शेजारी असल्या तरी त्यांची सांगड घालून झेड ९१.१३० देण्याचा अधिकार मला नाही. स्मरणशक्ती, दृष्टी किंवा हातांतली ताकद वयामुळे कमी झाल्याने औषध चुकले, असे डॉक्टरांनी लिहिले पाहिजे, नाहीतर तो झेड ९१.१३८ राहतो. माझ्या एका सहकारी ताईंनी यावर मला चांगले सुनावले होते. ‘चाळिशीतला माणूस गोळी विसरला तर तू त्याच्या वयाला दोष देतेस का?’ असे त्यांनी विचारले, आणि त्यानंतर वयाचा आकडा पाहून मी हा कोड कधी लावलेला नाही.

औषध कमी पडले, पण त्यात रुग्णाचा काहीच हात नाही, असेही प्रसंग येतात. इन्सुलिन पंप बिघडल्यामुळे इन्सुलिन कमी पोचले, तर पंपाच्या यांत्रिक बिघाडाचा टी ८५.६ मधला कोड सर्वांत आधी जातो, त्यामागून इन्सुलिनच्या अंडरडोसिंगचा टी ३८.३एक्स६ए, आणि मग मधुमेहाचा प्रकार व गुंतागुंत. रुग्णालयातच डोस द्यायचा राहून गेला, तर झेड ९१ कडे वळायचेच नसते, त्यासाठी वाय ६३.६ आहे. लहान मुलांच्या आणि परावलंबी रुग्णांच्या बाबतीत, औषध देणाऱ्या व्यक्तीकडून ते कमी दिले गेले, तर झेड ९१.ए हा स्वतंत्र समूह आता उपलब्ध आहे, आणि तो आल्याचे मला समाधान वाटते. चार वर्षांच्या एका मुलाच्या आईने झटक्यांवरच्या लेव्हेटिरासिटाम या औषधाची बाटली महिनाअखेरपर्यंत पुरावी म्हणून सिरिंजवरच्या खुणेच्या जरा खालीच थांबायला सुरुवात केली होती. पुढची बाटली घेण्याइतके पैसे हातात नाहीत, हे तिने स्वतःच डॉक्टरांना सांगितले आणि त्यांनी ते जसेच्या तसे लिहिले. त्या मुलाच्या झटक्यांच्या कोडमागे टी ४२.६एक्स६ए आणि झेड ९१.ए२० असे दोन कोड गेले. पूर्वी ही नोंद त्या चार वर्षांच्या मुलाने औषधाचे पालन केले नाही अशा शब्दांत गेली असती.

पैशाची अडचण दाखवणाऱ्या कोडांबद्दल मी इतकी आग्रही का आहे, ते इन्सुलिनच्या उदाहरणावरून सांगते. २०२२ च्या इन्फ्लेशन रिडक्शन अ‍ॅक्टने मेडिकेअरच्या रुग्णांसाठी इन्सुलिनचा स्वतःच्या खिशातून करावा लागणारा खर्च महिन्याला ३५ डॉलरपर्यंत मर्यादित केला, आणि १ जानेवारी २०२३ पासून पार्ट डी मध्ये, म्हणजे मेडिकेअरच्या औषधविम्याच्या भागात, तो लागू झाला. मेडिकेअर हा मुख्यतः ६५ वर्षे व त्यापुढील लोकांसाठीचा विमा आहे. नोकरी गेल्यामुळे विमा गेलेला चाळिशीतला टाइप १ मधुमेही या तरतुदीच्या बाहेरच राहतो, आणि त्याच्या शरीरात तर इन्सुलिन जवळजवळ तयारच होत नसल्यामुळे डोस तोडण्याची किंमत त्याला थोड्याच दिवसांत, कधी काही तासांत मोजावी लागते. अशी किती माणसे दाखल होतात हे ज्यांना मोजायचे आहे, त्यांच्यापुढे शेवटी आम्ही भरलेले कोडच असतात. झेड ९१.१२० ची जागा झेड ९१.१४८ ने घेतली, तर त्या मोजणीत ही माणसे नसतातच.

म्हणून मधुमेह, अपस्मार, हार्ट फेल्युअर, दमा किंवा मानसिक आजार यांच्यामुळे पुन्हा दाखल झालेल्या रुग्णाचा चार्ट असला की मी डिस्चार्ज समरीवर थांबत नाही. फार्मासिस्टने घरच्या औषधांची केलेली जुळणी, नर्सने दाखल करून घेताना विचारलेले प्रश्न आणि सोशल वर्करची टिपणे मी उघडून वाचते. कमी उत्पन्नासारखे झेड ५९ मधले सामाजिक परिस्थितीचे कोड या मंडळींच्या नोंदीवरून घेता येतात. औषध किती कमी घेतले आणि कशामुळे, यासाठी मात्र मी उपचार करणाऱ्या डॉक्टरांचीच नोंद मागते, आणि ती नसेल तर त्यांना क्वेरी, म्हणजे लेखी प्रश्न, पाठवते. क्वेरीचीही शिस्त आहे. ‘रुग्णाने पैशाअभावी इन्सुलिन कमी घेतले असे लिहावे’ अशी सूचना करता येत नाही. चार्टमध्ये जे दिसले ते पानासह मांडायचे, पर्याय द्यायचे, आणि ‘अन्य’ व ‘निश्चित सांगता येत नाही’ हे दोन पर्याय त्यात ठेवायचे.

गेल्या महिन्यात मी अशी एक क्वेरी पाठवली. टाइप १ मधुमेह, कीटोअ‍ॅसिडोसिस (इन्सुलिनअभावी रक्तात आम्ल साठणे), तीन दिवस अतिदक्षता विभाग. समरीत ‘इन्सुलिनबाबत नॉनकम्प्लायंट’ एवढेच शब्द होते. फार्मासिस्टच्या टिपणात मात्र लिहिले होते की रुग्ण रात्रीचे २४ युनिट घ्यायचे ते १२ घेत होता, विमा संपल्यापासून उरलेल्या दोन व्हायल त्याला ‘शक्य तितक्या लांबवायच्या’ होत्या, आणि दुसऱ्या व्हायलीत आता साधारण बोटाच्या पेराइतकेच इन्सुलिन उरले होते. मी ते टिपण तारीख-वेळेसह क्वेरीत जोडले. पहिल्या दिवशी उत्तर आले नाही. तिसऱ्या दिवशी स्मरणपत्र पाठवले. संबंधित डॉक्टरांची पाळी संपून ते रजेवर गेले असल्याचे कळले, आणि त्यांच्या जागी आलेल्या डॉक्टरांनी रुग्णाला पाहिलेलेच नसल्यामुळे उत्तर द्यायला नकार दिला. तो नकार योग्यच होता. बिल थांबवून ठेवण्याची मुदत सातव्या दिवशी संपली. कीटोअ‍ॅसिडोसिससह टाइप १ मधुमेहाचा ई १०.१० आणि झेड ९१.१४८ असे कोड लावून मी चार्ट अंतिम केला. टी ३८.३एक्स६ए लावता आला नाही, झेड ९१.१२० ही लावता आला नाही, आणि २४ च्या जागी १२ युनिटांची ती ओळ फार्मासिस्टच्या टिपणातच राहिली.